काळयंत्र, जिजामाता एक्स्प्रेस आणि आपली छोटी लाइन

गणेशोत्सवाच्या स्मरणिकेत इतिहासावरचा लेख म्हटला की वाचकांच्या मनात काही ठरावीक विषय येतात. लोकमान्यांनी सार्वजनिक रूप दिलेला उत्सव, नागपूरकर भोसल्यांचा अंमल, लांजीचा किल्ला, वैनगंगेकाठची जुनी गावे. हे सर्व विषय आपल्या आवडीचे आहेत आणि त्यांवर लिहिण्यासारखे अजून पुष्कळ उरले आहे. यंदा मात्र आम्ही जरा आडवाटेच्या इतिहासाकडे वळत आहोत. हा इतिहास आहे एका यंत्राचा. ते यंत्र आजवर कुणी बनवलेले नाही, पुढे कुणी बनवेल याची खात्री नाही, तरी सव्वाशेहून अधिक वर्षे माणसे त्यात बसून फिरत आहेत. काळात आणि अवकाशात हवे तिथे नेणारे हे यंत्र, म्हणजेच काळयंत्र.

त्याचा आणि बालाघाटच्या मराठी मंडळींचा काय संबंध, असे कुणी विचारील. संबंध आहे, आणि तो दुहेरी आहे. एक तर या यंत्राला मराठीत आणण्याचे मोठे काम महाराष्ट्राबाहेर राहिलेल्या किंवा वाढलेल्या मराठी माणसांनी केले. आणि दुसरे म्हणजे, आपल्या गावातून एक छोटेसे काळयंत्र खरोखरच धावत होते. त्याच्याकडे लेखाच्या उत्तरार्धात येऊ.

राजा ककुद्मी आणि वेल्सचा प्रवासी

काळ सगळीकडे सारख्या गतीने चालत नाही, ही कल्पना आपल्याला परकी नाही. भागवतातली ककुद्मी राजाची कथा घरातल्या जुन्या मंडळींना ठाऊक असेल. आपली कन्या रेवती हिला योग्य वर कोणता, हे विचारण्यासाठी राजा तिला घेऊन ब्रह्मलोकी गेला. तिथे गंधर्वांचे गायन चालले होते. गाणे संपेपर्यंत राजा थांबला आणि मग त्याने आपल्या मनातली नावे ब्रह्मदेवाला सांगितली. ब्रह्मदेव हसले. म्हणाले, तू इथे थांबलास तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटली; ती माणसे गेली, त्यांची नातवंडे गेली, नावेही उरली नाहीत. राजा परतला तो द्वापारयुगात, आणि रेवतीचा विवाह बलरामाशी झाला. एक गाणे ऐकण्यापुरता मुक्काम, आणि परत येईतो ओळखीचे कुणी नाही.

या कथेवरून आपल्या पूर्वजांना सापेक्षतावाद ठाऊक होता, असे म्हणण्याची घाई आम्ही करणार नाही. पुराणकथेचे मोल तिच्या कल्पनेत आहे, आणि ती कल्पना विलक्षण आहे, एवढे पुरे. पण तिच्यात एक गोष्ट नाही. राजाला काळात पुढे जायचे नव्हते. ते त्याच्या बाबतीत घडले. यंत्र नाही, कळ नाही, प्रवाशाची इच्छा नाही.

ती भर घातली एच. जी. वेल्स या इंग्रज लेखकाने. १८९५ साली त्याची 'द टाइम मशीन' ही छोटी कादंबरी आली. तिच्यातला प्रवासी एका खोगीरवजा आसनावर बसतो, दांडा ओढतो, आणि दिवस-रात्र डोळ्यांसमोरून पापण्यांच्या उघडझापीसारखे जाऊ लागतात. तो थेट ८,०२,७०१ या सालात उतरतो. आता काळ हा प्रवासाचा रस्ता झाला आणि माणूस त्यावरचा गाडीवान. त्या शतकात आगगाडीने माणसाला अवकाशावर हुकमत दिली होती. तिकीट काढावे आणि हव्या त्या गावी उतरावे. मग काळाचे तिकीट का नको, हा प्रश्न त्याच युगात सुचावा यात आश्चर्य नाही.

केरळातून आलेली चंद्राची गाडी

या नव्या कल्पनांची पहिली पावले मराठीत कुठे उमटली? पुण्यात नव्हे, मुंबईतही नव्हे. कोचीनला राहणारे कृष्णाजी नारायण आठल्ये 'केरळकोकिळ' नावाचे मराठी मासिक चालवीत. ते १८८६ साली सुरू झाले. मल्याळी मुलखात राहून एका माणसाने मराठी मासिक नेटाने चालवावे, हीच मोठी गोष्ट. त्या मासिकात १९०० साली ज्यूल व्हर्नच्या चंद्रप्रवासाच्या कादंबरीचे मराठी रूप 'चंद्रलोकची सफर' या नावाने क्रमशः येऊ लागले. मराठी विज्ञानसाहित्याचा इतिहास सांगणारे बहुतेक जण इथूनच आरंभ करतात. व्हर्नचे यंत्र काळात जात नाही; प्रचंड तोफेतून उडवलेल्या गोळ्यात बसून त्याचे प्रवासी चंद्राकडे निघतात. पण 'अशास्त्रीय चमत्काराऐवजी हिशेबाने केलेला अद्भुत प्रवास' ही गोष्ट मराठी वाचकाने प्रथम चाखली ती इथे.

आपल्यासारख्या, महाराष्ट्राबाहेर स्थिरावलेल्या कुटुंबांनी हे लक्षात ठेवण्यासारखे आहे. मराठीला चंद्रावर नेणारी पहिली गाडी केरळातून सुटली.

त्यानंतर श्री. बा. रानडे यांची 'तारेचे हास्य' ही आरंभीच्या स्वतंत्र मराठी विज्ञानकथांमध्ये गणली जाते. पुढे भा. रा. भागवतांनी व्हर्न मुलांच्या हाती दिला, भालबा केळकरांनी परदेशी विज्ञानकथा मराठीत आणल्या, अनंत अंतरकरांच्या 'नवल' मासिकाने अद्भुताची गोडी लावली आणि नारायण धारपांनी भयकथांइतक्याच सहजतेने विज्ञानकथाही लिहिल्या. आपल्यापैकी साठी-सत्तरी ओलांडलेल्या अनेकांनी ही पुस्तके वाचनालयातून आणून, दिव्याखाली रात्री जागून वाचली आहेत. पण विज्ञानकथेला मराठी साहित्याच्या मुख्य दिवाणखान्यात मानाचे पान मिळायला अजून अवकाश होता.

नारायण विनायक जगताप

१९७४ साली मराठी विज्ञान परिषदेने विज्ञानकथांची स्पर्धा घेतली. 'कृष्णविवर' या कथेला पहिले पारितोषिक मिळाले. लेखकाचे नाव होते नारायण विनायक जगताप. हे गृहस्थ कोण, कुणाला ठाऊक नव्हते. नावाची आद्याक्षरे उलटी वाचली की कोडे सुटते. ना. वि. ज. म्हणजे ज. वि. ना. जयंत विष्णु नारळीकर! जगद्विख्यात खगोलशास्त्रज्ञाच्या नावाचे दडपण परीक्षकांवर येऊ नये म्हणून त्यांनी टोपणनाव घेतले, आणि अक्षरावरून ओळख पटू नये म्हणून कथेची प्रत पत्नी मंगलाताईंच्या हस्ताक्षरात करून पाठवली. दुसऱ्याच वर्षी कऱ्हाडच्या साहित्य संमेलनाच्या अध्यक्षा दुर्गाबाई भागवतांनी या नव्या कथाप्रकाराची आवर्जून दखल घेतली. तिथून मराठी विज्ञानकथेचे दिवस पालटले.

नारळीकरांचे मोठेपण आपल्याला वेगळे सांगायला नको. १९३८ साली कोल्हापुरात जन्म, केंब्रिजला रँग्लर, फ्रेड हॉएल यांच्याबरोबर गुरुत्वाकर्षणावरचे संशोधन, १९६५ साली वयाच्या सव्विसाव्या वर्षी पद्मभूषण, १९७२ पासून मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत, १९८८ साली पुण्यात 'आयुका'ची उभारणी, २००४ साली पद्मविभूषण, नाशिकच्या ९४व्या साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद. २० मे २०२५ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले.

पण आपण ज्या गोष्टीकडे लक्ष द्यावे ती या यादीत नाही. नारळीकरांचे बालपण आणि शाळा-कॉलेज बनारसला झाले. वडील विष्णु वासुदेव नारळीकर हिंदू विश्वविद्यालयात गणिताचे प्राध्यापक. शाळा हिंदी माध्यमाची, गल्लीत हिंदी, बाजारात हिंदी. मराठी होती ती घरात. आई सुमतीबाई संस्कृतच्या जाणकार. घरात एक फळा होता. मामा त्यावर गणिताचे कोडे लिहून ठेवीत, शीर्षक 'जे.व्ही.एन.साठी आव्हान', आणि ते सुटेपर्यंत पुसले जात नसे. असा हिंदी मुलखात वाढलेला मुलगा पुढे केंब्रिजला गेला, इंग्रजीत शोधनिबंध लिहिले, आणि कथा लिहायची वेळ आली तेव्हा मराठीत लिहिली. 'चार नगरांतले माझे विश्व' या त्यांच्या आत्मचरित्राला २०१४ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. त्या चार नगरांतले पहिले बनारस आहे.

बाहेरच्या प्रांतात वाढलेल्या मुलांचे मराठी कच्चेच राहणार, असे आपण अनेकदा सुस्कारा टाकून म्हणतो. बनारसच्या त्या घराने याचे उत्तर दिलेले आहे.

अध्यक्षाची रिकामी खुर्ची

नारळीकरांनी काळप्रवासावर पुष्कळ लिहिले. 'टाइम मशीनची किमया' या नावाचे त्यांचे पुस्तकही आहे. पण आपल्याला सर्वांत जवळची वाटावी अशी कथा म्हणजे 'गंगाधरपंतांचे पानिपत'. हिची गंमत अशी की हिच्यात यंत्रच नाही. आहे ती आगगाडी.

गंगाधरपंत गायतोंडे हे इतिहासाचे प्राध्यापक. पानिपतावर व्याख्यान देण्याच्या तयारीत असताना त्यांना ट्रकची धडक बसते आणि ते जागे होतात ते वेगळ्याच जगात. तिथे पुण्याहून मुंबईला जिजामाता एक्स्प्रेस जाते, डेक्कन क्वीनपेक्षाही वेगाने. वाटेत सरहद्द नावाचे स्टेशन लागते. तिथे परवाने तपासतात, कारण पुढे ब्रिटिशांचा मुलूख सुरू होतो. मुंबईत ईस्ट इंडिया कंपनी अजून नांदते आहे. पंत चक्रावून ग्रंथालय गाठतात आणि इतिहासाची पुस्तके उलटी चाळत मागे जातात. उलगडा होतो तो बखरीच्या एका पानावर. १४ जानेवारी १७६१ रोजी विश्वासरावांना लागलेली गोळी त्या जगात कानाला चाटून गेली होती. विश्वासराव वाचले, पानिपत जिंकले, कंपनीचे पाय दोन-तीन बंदरांपलीकडे पसरलेच नाहीत, आणि पुढे या देशाने आपल्या बळावर विज्ञानाचा आणि लोकशाहीचा रस्ता धरला.

मग पंत आझाद मैदानावर एका व्याख्यानाला जातात. व्यासपीठावर अध्यक्षाची खुर्ची रिकामी दिसते. नऊशे नव्याण्णव सभांचे अध्यक्षपद भूषवलेल्या माणसाला हे कसे सहन व्हावे? ते सरळ जाऊन बसतात आणि बोलू लागतात. पण त्या जगाने अध्यक्षीय भाषणांची प्रथाच मोडीत काढलेली असते! लोक खवळतात, टोमॅटो-अंडी येतात, आणि पंत गर्दीत दिसेनासे होतात. शुद्धीवर येतात ते आपल्या जुन्या जगात. खिशात मात्र बखरीचे ते फाटलेले पान शिल्लक असते.

कार्यक्रमाच्या व्यासपीठावर खुर्च्या किती ठेवायच्या, या प्रश्नावर दरवर्षी वाद घालणाऱ्या आपल्यासारख्या मंडळींना ही जागा वाचताना हसू आवरत नाही.

कथेच्या शेवटी राजेंद्र देशपांडे हे शास्त्रज्ञ पंतांना घडल्या प्रकाराचा अर्थ समजावून सांगतात. त्याचा गाभा असा: अणूतल्या इलेक्ट्रॉनच्या बाबतीत 'तो इथेच असेल' असे छातीठोक सांगता येत नाही, फक्त शक्यता सांगता येतात. काही शास्त्रज्ञ मानतात की या सगळ्या शक्यता वेगवेगळ्या जगांत खऱ्या ठरत असाव्यात. तसेच काही क्षण इतके नाजूक असतात की गोळी बोटभर इकडे किंवा तिकडे गेली की पुढचा सारा प्रवाह बदलतो. विश्वासरावांच्या कानाजवळचा तो क्षण असा होता. म्हणजे काळयंत्राने मागे-पुढे जाण्याऐवजी शेजारच्या रुळावर जाणे! रेल्वेच्या भाषेत सांगायचे तर सांधा बदलला.

हीच कथा 'दि ॲडव्हेंचर' या नावाने एन.सी.ई.आर.टी.च्या अकरावीच्या 'हॉर्नबिल' या इंग्रजी पाठ्यपुस्तकात आहे. बालाघाटच्या शाळांत शिकलेल्या आपल्याच मुलांनी ती परीक्षेसाठी वाचली आहे, प्रश्नोत्तरे पाठ केली आहेत. तिचे मूळ आपल्या मातृभाषेत आहे, हे त्यांच्यापैकी किती जणांना आपण सांगितले?

यंत्राची अडचण आणि शास्त्राचे उत्तर

आता जरा यंत्राच्या पोटात डोकावू. नातवंडे हेच विचारतात: खरेच असे यंत्र होईल का?

पहिली अडचण वेल्सच्या यंत्रातच आहे. त्याचे यंत्र एका जागी उभे राहून फक्त काळात सरकते. पण जागा तरी कुठे स्थिर आहे? पृथ्वी सूर्याभोवती सेकंदाला सुमारे ३० किलोमीटर वेगाने धावते. म्हणजे तासाभरात ती १ लाख ८ हजार किलोमीटर पुढे गेलेली असते. कुणी बालाघाटच्या बसस्थानकाजवळ यंत्रात बसून नुसता एक तास मागे गेला आणि अवकाशातली जागा तीच राहिली, तर त्याच्या पायाखाली पृथ्वीच नसेल. म्हणून खऱ्या काळयंत्राला काळ आणि अवकाश दोन्ही एकदम सांभाळावे लागतील. आइन्स्टाइनने १९०५ आणि १९१५ च्या सिद्धांतांत हेच सांगितले की ही दोन वेगळी वस्त्रे नाहीत, एकच कापड आहे. वेगाने ते ताणले जाते, वजनाने त्याला खळगा पडतो.

पुढच्या दिशेचा काळप्रवास तर सिद्धही झालेला आहे. १९७१ साली हाफेले आणि कीटिंग या दोन अमेरिकी शास्त्रज्ञांनी अणुघड्याळे घेऊन प्रवासी विमानांतून पृथ्वीप्रदक्षिणा केली. पूर्वेकडे गेलेली घड्याळे जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा ५९ नॅनोसेकंद मागे पडली, पश्चिमेकडे गेलेली २७३ नॅनोसेकंद पुढे गेली. नॅनोसेकंद म्हणजे सेकंदाचा अब्जावा भाग. हिशेब क्षुल्लक वाटेल, पण आपल्या मोबाइलवरचा नकाशा याच हिशेबावर चालतो. जी.पी.एस. उपग्रहांवरची घड्याळे रोज सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे धावतात. ही दुरुस्ती केली नाही तर दिवसभरात नकाशा सुमारे दहा किलोमीटर चुकेल. बालाघाटातले घर तो एखाद्या शेजारच्या खेड्यात दाखवील. ककुद्मी राजाइतका नव्हे, पण आपण सारेच थोडाथोडा तसा प्रवास करीत असतो. कृष्णविवराजवळ तर हा फरक वर्षांचा आणि शतकांचा होऊ शकतो.

मागच्या दिशेचे कोडे कठीण आहे. कुर्ट ग्योडेलने १९४९ साली आइन्स्टाइनच्याच समीकरणांतून असे विश्व मांडून दाखवले, जिथे प्रवासी आपल्या भूतकाळात परतू शकतो. १९८८ साली किप थॉर्न आणि त्याच्या सहकाऱ्यांनी अवकाशातल्या बोगद्यांमधून असे काही साधेल का याचा अभ्यास केला. स्टीफन हॉकिंगने १९९२ मध्ये उलट बाजू मांडली: निसर्ग असे यंत्र होऊच देणार नाही, काळाचा क्रम तो सांभाळतो. शिवाय आजोबांचे कोडे आहेच. मागे जाऊन आजोबांचे लग्नच मोडले, तर मोडणारा आला कुठून? नारळीकरांची शेजारच्या रुळाची कल्पना या कोड्यातून वाट काढते. तिथे आजोबांचे लग्न मोडले तरी ते दुसऱ्या जगातले. आपल्या जगातले लग्न आणि आपण दोघेही शाबूत.

बालाघाटचे काळयंत्र

आता आपल्या गावच्या गाडीकडे येऊ.

१८६७ साली बालाघाट जिल्हा झाला. नागपूरचे राज्य त्याआधीच, १८५३ साली तिसरे रघुजी भोसले वारल्यावर, डलहौसीने खालसा केले होते. हे गाव तेव्हा बूढा या नावाने ओळखले जाई. इथे आगगाडी आली ती बंगाल-नागपूर रेल्वेची, अडीच फूट रुंदीच्या रुळांची. १९०३ ते १९०५ या काळात गोंदियाहून बालाघाट, नैनपूर करीत ही सातपुड्याची लाइन जबलपूरला पोहोचली. हट्टा रोड, चारेगाव, लामटा ही नावे वेळापत्रकात आली. कटंगीलाही फाटा गेला. आधी कोळशाचे आणि नंतर डिझेलचे इंजिन या रुळांवर धावले. आपण तिला छोटी लाइन म्हणत आलो.

या गाडीने आपला काळ कसा बदलला ते पाहा. रेल्वे येण्याआधी गावाची वेळ म्हणजे सूर्याची वेळ. डोक्यावर सूर्य आला की बारा. ज्या गावाचे रेखांश वेगळे, त्याची वेळ वेगळी. रेल्वेला हे परवडेना, म्हणून देशभरच्या गाड्या मद्रासच्या वेळेवर चालत. योगायोग असा की बालाघाट आणि मद्रास जवळजवळ एकाच रेखांशावर आहेत, पूर्वेला ८० अंशांच्या किंचित पुढे. म्हणून छोटी लाइन प्रथम आली तेव्हा स्टेशनातले घड्याळ आणि आपल्या अंगणातली सावली यांत अर्ध्या मिनिटाचेच अंतर होते. देशात फार थोड्या गावांचे असे भाग्य असेल!

मग १ जानेवारी १९०६ पासून साडेब्याऐंशी अंश रेखांशावरची भारतीय प्रमाणवेळ लागू झाली. मद्रासच्या वेळेपेक्षा ती जवळपास नऊ मिनिटे पुढे. रेल्वेच्या घड्याळाने चालणारे प्रत्येक गाव त्या सुमारास नऊ मिनिटे भविष्यात गेले! मुंबईने आपली वेगळी वेळ १९५५ पर्यंत हट्टाने जपली.

जुना सूर्य मात्र अजून आपल्या उत्सवात डोकावतो. गणेशाची प्राणप्रतिष्ठा मध्यान्ही करायची असते, आणि मध्यान्ह ही सूर्यावर ठरते. बालाघाटला सूर्य मुंबईपेक्षा सुमारे अर्धा तास आणि पुण्यापेक्षा पंचवीस मिनिटे आधी डोक्यावर येतो. मुंबईच्या वेळेवर बेतलेले पंचांग हाती घेऊन आपण मुहूर्त पाहतो, तेव्हा हा फरक लक्षात घ्यायला हवा. स्थळ बदलले की काळ बदलतो, हे आइन्स्टाइनपूर्वी आपल्या गुरुजींना ठाऊक होते, तेही अगदी घरगुती अर्थाने.

छोटी लाइन आता इतिहासजमा झाली. आधी गोंदियाची बाजू मोठी झाली, २०१५ मध्ये जबलपूरकडची छोटी गाडी थांबली, आणि २०२० च्या सुमारास मोठी लाइन सलग झाली. त्या काळाचे अवशेष पाहायचे तर नागपूरला मोतीबाग येथे आणि नैनपूरला नॅरोगेजची संग्रहालये आहेत. नातवंडांना घेऊन जरूर जावे. तिथल्या डब्याच्या बाकावर टेकले की काळयंत्राची जास्त व्याख्या करावी लागत नाही.

आपला सांधा

गंगाधरपंतांची कथा वाचून मनात येणारा शेवटचा विचार आपल्या स्वतःविषयीचा आहे. सरहद्द स्टेशनवर परवाने दाखवणारे प्रवासी वाचताना आपल्याला १ नोव्हेंबर १९५६ आठवतो. त्या दिवशी नागपूर राजधानी राहिली नाही. विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात गेले आणि बालाघाट नव्या मध्य प्रदेशात राहिला. कालपर्यंत गोंदिया आणि बालाघाट एकाच प्रांतातली शेजारी गावे होती. आज दोहोंमध्ये राज्यांची सीमा आली. सोयरीक तिकडे, नोकरी इकडे. कचेरीची भाषा बदलली, शाळेची बदलली. रेघ थोडी इकडे-तिकडे पडली असती तर आपण कोण झालो असतो?

हा प्रश्न तक्रारीचा नाही. या मातीने आपल्याला भरभरून दिले. हिंदी आपली झाली, पोवारी आणि गोंडी बोलणारे शेजारी आपले झाले, वैनगंगा तर आपली होतीच. इतिहासाचा सांधा एकदा बदलला की गाडी मागे आणता येत नाही, हे पंतांनाही शेवटी मान्य करावे लागले. पण गाडीत काय भरून न्यायचे ते प्रवाशाच्या हाती असते.

इथे आपल्या घरांपुढे खरा पेच आहे. जुन्या पिढीने वाचलेली पुस्तके कपाटात आहेत. मधली पिढी मराठी बोलते, पण वाचत नाही. धाकटी पिढी आजीशी मराठीत सुरुवात करते आणि तिसऱ्या वाक्याला हिंदीत उतरते. अजून एखादे स्टेशन गेले की कपाटातली पुस्तके पाहुण्यांना दाखवायची वस्तू होतील. ककुद्मी राजा परतला तेव्हा त्याच्या मनातली नावे ओळखणारे कुणी उरले नव्हते. तशी वेळ आपल्या घरात एका आयुष्यात येऊ शकते, त्याला सत्तावीस चतुर्युगे लागत नाहीत.

मात्र आपल्याजवळ एक मोठी सोय आहे, तिची आपण किंमत करीत नाही. परदेशात वाढणाऱ्या मराठी मुलांना आधी लिपी शिकवावी लागते. आपल्या मुलांना देवनागरी हिंदीमुळे तोंडपाठ आहे. त्यांनी मराठी पान समोर धरले तर अक्षर अडत नाही, अडतो तो अधूनमधून एखादा शब्द. 'सांधा', 'बखर', 'मध्यान्ह' असे शब्द सांगायला घरात अजून माणसे आहेत.

म्हणून आमची विनंती साधी आहे. उत्सवाच्या दहा दिवसांत एका संध्याकाळी, आरतीनंतर, 'गंगाधरपंतांचे पानिपत' ही कथा मुलांकडून मोठ्याने वाचून घ्यावी. अकरावी झालेल्या मुलामुलींना गोष्ट आधीच ठाऊक आहे. ती फक्त आपल्या भाषेत परत भेटेल. अडलेला शब्द आजी-आजोबांनी सांगावा. वाचनाआधी अध्यक्षीय भाषण ठेवू नये. कारण गंगाधरपंतांनी दाखवून दिलेलेच आहे. आणि त्याच दिवशी ज्या घरात छोटी लाइनच्या, नागपूर राजधानी असतानाच्या, गोंदियाच्या सोयरिकीच्या आठवणी सांगणारे कुणी असेल, त्यांचे बोलणे मोबाइलवर ध्वनिमुद्रित करून ठेवावे.

काळात मागे जाणारे इंजिन शास्त्रज्ञांना सापडो वा न सापडो. आपल्या आजोबांच्या काळात जायला आपल्याला तूर्त एवढेच तिकीट पुरेसे आहे, आणि ते अजून मिळते आहे.

गणपती बाप्पा मोरया!